पाटणकरकाकांची शिकवणी

"मनगट सैल सोड बाळ," मोबाइलवर बघून टेनिस शिकलेल्या पाटणकरकाकांनी आजही सुरू केलं.

केतकी चौदा वर्षं देशोदेशी व्यावसायिक टेनिस खेळलेली. खांद्याच्या ऑपरेशननंतर ते सुटलं, आणि सोसायटीच्या कोर्टावर डबल्समध्ये काकांची जोडीदार होणं नशिबी आलं. आपण कोण ते सांगावं म्हटलं, तर काका दुसऱ्याला बोलू कुठे देत?

आज मात्र तिचं डोकं फिरलं. डॉक्टरांची ताकीद झुगारून तिने पूर्ण ताकदीने सर्व्हिस केली. समोरच्यांच्या रॅकेटी जागच्या हलल्या नाहीत. चेंडू मागच्या जाळीत रुतून बसला. तिच्या खांद्यातून निघालेली कळ थेट बोटांपर्यंत गेली.

काकांनी समाधानाने मान डोलावली.

"बघ, माझं ऐकलंस की कसं जमतं. उद्या बॅकहँड घेऊ."