एका मताची राखण

अर्जेंटिना, १९१६. जनतेची मतं पडून गेली होती. आता निवडून आलेले प्रतिनिधी राष्ट्राध्यक्ष ठरवणार होते आणि आमच्या प्रांतात सगळं एका मतावर अडलं होतं. डॉन सिप्रियानोच्या. त्यानं आम्हाला शब्द दिला होता, म्हणून आम्ही त्याच्या घराला पहाराच बसवला. विरोधकांचं चिटपाखरूही आत जाऊ दिलं नाही.

चिडली होती ती त्याची बायको, रेमेदियोस. तिचं माहेर पलीकडच्या पक्षातलं. आमच्याकडे पाहुणा नकोसा झाला की त्याला येर्बाचा चहा गार देतात. शहाणा असेल तर तो उठतो. ही बाई आठवडाभर नवऱ्यालाच गार चहा पाजत होती. तो निमूट प्यायचा आणि आम्ही पोट धरधरून हसायचो.

मतदानाच्या सकाळी मी त्याला न्यायला गेलो.

"मत पक्कं ना, डॉन?"

"म्हणजे काय!" तो जमिनीकडे बघत म्हणाला.

"बसा हो भावजी," वहिनी आज चक्क हसल्या. "चहा घेऊनच निघा."

पहिल्याच घोटाला सिप्रियानोची जीभ पोळली.

मग माझी पाळी आली. चहा गारढोण होता.