फुलटॉस

पाचवा चेंडूही फुलटॉस आला, तेव्हा कुठे लायोनेल हॅसकेटच्या डोक्यात प्रकाश पडला.

चेंडू कमरेच्या उंचीने आला होता. एखाद्या आजोबांनी नातवाला टाकावा तसा, अलगद. हॅसकेटने तो सवयीने कुंपणापार धाडला. टाळ्या पडल्या. क्षणभर तोही खूश झाला. मग त्याने गोलंदाजाकडे पाहिलं. जेथ्रो थर्कल हसत होता.

जेथ्रो घोड्यांना नाल ठोकणारा लोहार, त्या टापूतला सगळ्यात वेगवान गोलंदाज. मागच्या उन्हाळ्यात याच मैदानावर त्याचा एक चेंडू हॅसकेटच्या बरगडीत असा बसला होता, की पंधरा दिवस त्याला लंडनच्या ऑफिसात खुर्चीला पाठ टेकता आली नव्हती. आणि आपला चेंडू कुणी मारला, तर जेथ्रो कधी हसत नसे.

सामन्याआधी जेथ्रो मैदानाच्या फाटकापाशी हॅसकेटची वाट बघत उभा होता.

"साहेब, आमच्या नेडचा अर्ज तुमच्याच खात्यात आलाय म्हणे."

"त्याबद्दल मला काही बोलता येत नाही, थर्कल."

"नका बोलू. मी कुठं बोला म्हणतोय?" टोपी हातात चुरगळत जेथ्रो म्हणाला, "नुसतं लक्षात असू द्या. तेवीस वर्षांचा आहे भाऊ माझा. बंदूक हातात होती त्याच्या, पण मनात काही नव्हतं."

गृहखात्यात दयेचे अर्ज हॅसकेटच्याच टेबलावरून पुढे जात. नेड थर्कलचा अर्ज त्याने तीनदा वाचला होता. नेडच्या गोळीने मेलेल्या रखवालदाराच्या बायकोची जबानीही वाचली होती. मग खाली आपल्या नेटक्या अक्षरात लिहिलं होतं : हस्तक्षेपास आधार दिसत नाही. काल, शुक्रवारी दुपारी, मंत्र्यांनी त्याखाली सही केली. पत्र सोमवारी थर्कलच्या घरी पोचणार होतं. फाशी बुधवारी सकाळी नऊला.

जेथ्रोचं पुढचं षटक सुरू झालं. पहिला चेंडू तसाच. हॅसकेटने मुद्दाम तो सरळ त्याच्याच हातात मारला. घोड्याचा खूर एका हाताने उचलून धरणाऱ्या त्या माणसाच्या पंजातून चेंडू निसटला आणि गवतावर पडला.

"जेथ्रो, हात घरी विसरून आलास का रे?" गावच्या संघाचा कप्तान पिनॉक ओरडला. गावात त्याची बेकरी होती.

"ऊन आलं डोळ्यावर," जेथ्रो म्हणाला. आभाळ भरलेलं होतं.

पुढचे दोन चेंडू पायांवर आले. हॅसकेटने नुसती बॅट लावली, तरी चौकार गेले. दुसऱ्या चौकाराचा चेंडू परत येईपर्यंत जेथ्रो खेळपट्टीवरचं गवत दाबायच्या मिषाने जवळ आला. वाकूनच, वर न बघता पुटपुटला, "चारच धावा राहिल्या, साहेब. पन्नास होतील. मी आहे ना."

हा माणूस आपल्यापाशी होतं तेवढं सगळं देत होता, आणि हॅसकेटच्या हातात द्यायला काही उरलेलं नव्हतं. पन्नास घेतल्या, तर जेथ्रो त्या आशेवर दोन दिवस काढील. शनिवार, रविवार. पोस्टमन दार वाजवीपर्यंत. आणि खरं काय ते सांगून टाकावं, तर खात्यातलं बाहेर न बोलण्याची वीस वर्षं पाळलेली शपथ आड येत होती.

जेथ्रो धावत आला. चेंडू मधल्या दांडीच्या रोखाने, हळू, उंचावरून. आंधळ्यानेही मारला असता.

हॅसकेटने बॅट उचलली आणि खांद्यावर धरून ठेवली.

मधली दांडी मागे कलली. बेल्स उडाल्या. जेथ्रोच्या गावकऱ्यांनी एकच आरडाओरडा केला. पिनॉकने टोपी हवेत फेकली. जेथ्रो खेळपट्टीच्या मधोमध तसाच उभा राहिला.

"असं का केलंत, साहेब?"

हॅसकेटची नजर खाली गेली, आणि तेवढं पुरलं.

जेथ्रो गर्रकन पंचाकडे वळला. "नो-बॉल होता!"

पंच म्हणजे जेथ्रोच्याच गावचा म्हातारा बजन. "काहीतरीच काय? पाय आत होता तुझा. मी बघितलाय."

"बाहेर होता! माझा पाय आहे, मला कळत नाही?" त्याचा आवाज चिरकला. "नो-बॉल होता, बजनकाका. हात वर करा. एकदा म्हणा ना नो-बॉल!"

ओरडणारे एकेक करून गप्प झाले. पिनॉकने पुढे होऊन त्याच्या दंडाला धरलं. तो हात झटकून जेथ्रो धावत स्टंपांपाशी आला, गुडघ्यावर बसला आणि कललेली दांडी मातीत परत खुपसू लागला.

"तुम्ही आऊट नाही, साहेब. उभे राहा. हे बघा, झालं."

हॅसकेट त्याच्याशेजारी वाकला. आजवर जे कुणापाशी बोलला नव्हता, ते तो हलक्या आवाजात बोलला.

"थर्कल, पत्राची वाट बघू नकोस. साडेपाचची गाडी आहे. आईला घे आणि नेडला भेटायला जा. आजच जा."

जेथ्रोने वर पाहिलं नाही. दोन स्टंपांवर बेल टेकवून त्याने हात काढला. ती घसरली. त्याने ती उचलली, पुन्हा टेकवली. पुन्हा घसरली.