नवऱ्याचा क्लोजअप

“रोल” म्हणायच्या आधी त्याने बायकोला स्टुलासकट चार बोटं डावीकडे सरकवलं.

“अजून थोडी. हनुवटी लेन्सच्या कडेला आण. हां, आता दिसतेस.”

“म्हणजे आहे म्हणायची मी अजून,” ती म्हणाली. कॅमेरामन हसला. नवरा हसला नाही. तो भूमिकेत शिरत होता, आणि भूमिकेत शिरायचं म्हटलं की तो आधी घरातून निघून जातो, हे ती बावीस वर्षं बघत आली होती.

स्वयंपाकघर त्यांचंच होतं. ओटा त्यांचा, टेबल त्यांचं, सिनेमातल्या बायकोच्या अंगावरचा स्वेटरसुद्धा हिचाच. सिनेमातली बायको मात्र सकाळीच आपले शॉट उरकून दुसऱ्या शूटिंगला गेली होती. मागे राहिला होता नवऱ्याचा क्लोजअप. बायको सोडून जात असल्याचं सांगते आणि हा नुसता ऐकतो, असा प्रसंग. अशा वेळी समोरच्या पात्राची वाक्यं कोणीतरी कॅमेऱ्याशेजारी बसून वाचतं, म्हणजे नटाला बघायला दोन डोळे मिळतात. वाचणाऱ्याचा आवाज मागाहून काढून टाकतात. बिनआवाजाच्या कामाला घरचं माणूस बरं पडतं.

नवरा मुळात नट. पाच सिनेमांत होता, त्यांपैकी तीनमध्ये मध्यंतराच्या आत मेला. पुढे कोणी दिग्दर्शक बोलवेना, म्हणून स्वतःच दिग्दर्शक झाला. त्या दिग्दर्शकाला निर्माता मिळेना, म्हणून निर्माताही झाला. “आता तेवढा प्रेक्षक व्हायचा राहिलायस,” असं ती म्हणायची. आधी गमतीने. हल्ली म्हणायचं सोडून दिलं होतं.

महिनाभर ती त्याला एक गोष्ट सांगायला बघत होती. पहिल्यांदा तो लोकेशन बघायला निघाला होता. दुसऱ्यांदा “मला या घरात एकटं वाटतं” एवढंच तिने म्हटलं, तर तो म्हणाला, “थांब थांब, पुन्हा बोल,” आणि वाक्य वहीत उतरवून घेतलं. ते आता संवादात होतं. आज ती तेच वाक्य त्याला वाचून दाखवत होती.

चार टेक झाले. चारही वेळा नवऱ्याच्या चेहऱ्यावर दुःखाऐवजी पित्त दिसलं.

“दादा, पाच मिनिटं थांबू या का?” कॅमेरामनने विचारलं.

“नको. पुन्हा घे.”

पाचव्या टेकला तिने हातातल्या कागदाची घडी घातली. हा माणूस आपल्याकडे बघतो तो फक्त इथे, या स्टुलावर. मग बोलायचं तर इथेच. तिने मनाशी ठरवून टाकलं: याने मध्येच शॉट थांबवला, तर राहायचं.

“ऐक ना,” ती म्हणाली. “माझ्या धाकट्या बहिणीच्या गावात मला शाळेत नोकरी मिळालीय. आज रात्रीपर्यंत कळवायचंय. हो म्हटलं, तर उद्या निघेन आणि परत येणार नाही.”

कॅमेरामनने डोळा वर करून तिच्याकडे पाहिलं, पण कॅमेरा हलू दिला नाही.

नवऱ्याच्या चेहऱ्यावरचं पित्त उतरलं. ओठाचा कोपरा एकदाच हलला. असा चेहरा तिने पूर्वी एकदाच पाहिला होता, सासूबाई गेल्याचा फोन आला तेव्हा. कॅमेऱ्यासमोर कधीच नाही.

“मला जायचं नाहीय रे,” ती हळूच म्हणाली. “तू नुसतं थांब म्हण. मी नाही म्हणून कळवते त्यांना. तुझे पुढचे दहा सिनेमे याच स्वयंपाकघरात कर, माझं काही म्हणणं नाही. पण एकदा थांब म्हण.”

त्याचे डोळे भरले, वाहिले. तो थेट तिच्याकडे बघत होता. ती स्टुलावरून अर्धवट उठली.

तो काही बोलला नाही. ती पुन्हा बसली.

“मग येते मी,” ती म्हणाली.

बऱ्याच वेळाने तो म्हणाला, “कट.”

कॅमेरामन नाक ओढत टाळ्या वाजवायला लागला. “दादा, काय दिलंत! आणि वहिनी, आयत्या वेळी काय सुचलं हो तुम्हाला!” असं म्हणत तो बॅटरी बदलायला बाहेर गेला.

नवऱ्याने डोळे पुसले नाहीत. पुढच्या शॉटला ते तसेच लागणार होते.

तिला त्याची कीव आली. बिचाऱ्याला वाटलं असणार, रडू यावं म्हणून ही आपली क्यू देतेय. चूक आपलीच, असं तिने स्वतःला समजावलं. खरं बोलायला आपण खोट्याची जागा निवडली. आता नीट सांगायचं. तिने त्याचा हात हातात घेतला.

“अरे, मघाशी मी बोलले ना, ते कागदावरचं नव्हतं.”

“माहितीय.”

“माहितीय म्हणजे?”

“शाळेचं बोललीस, तेव्हाच कळलं.”

तिने हात सोडला नाही. “मग थांब का नाही म्हणालास?”

तो तिच्याकडे बघत राहिला. चेहरा अजून तोच होता, खरा.

“इतकं चांगलं काम माझ्याकडून आजवर कधी झालं नव्हतं गं,” तो म्हणाला.