एकच फेरी

मैत्रिणी म्हणाल्या, “तुझ्यात दमच नाही,” आणि सोळा वर्षांच्या धाकटीचं डोकं फिरलं. दुपारी बाबा घोरत असताना तिने त्यांच्या ड्रायव्हिंग स्कूलची गाडी काढली, गल्लीला एक फेरी मारली, कोपऱ्यावर दुधाच्या टेम्पोला घासता घासता वाचली आणि जीव मुठीत धरून गाडी होती तिथे आणून लावली. मग सीट मागे सरकवली, आरसा बाबांच्या उंचीला वळवला, किल्ली खुंटीला अडकवली. कुठे म्हणून खूण ठेवली नाही.

संध्याकाळी शिकायला आलेल्या बाईंना घेऊन बाबा गाडीत बसले आणि तसेच उतरून घरात आले.

“गाडी कोणी नेली होती?”

“मला काय माहीत?” धाकटीने वहीतून मान वर केली नाही.

“हँडब्रेक ओढलेला आहे.”

“मग? गाडी थांबली की आधी हँडब्रेक, हे तुम्हीच रोज सगळ्यांना घसा कोरडा करून सांगता ना?”

बाबांनी दाराबाहेर थांबलेल्या बाईंकडे एकदा पाहिलं आणि आवाज खाली आणला.

 

“सांगतो गं. पण तेवीस वर्षांत मी स्वतः एकदाही ओढलेला नाही.”