नैवेद्याचं पातेलं

"पोरी, पौर्णिमेच्या नैवेद्याला मासळीचा वाससुद्धा लागू देऊ नकोस," असं मरताना आईने थुअनकडून वचन घेतलं होतं. आज पौर्णिमा. होई आन गावातल्या आपल्या घरी परदेशी प्रवाशांना स्वयंपाक शिकवतानाच तिने कडेच्या चुलीवर नैवेद्याचा अळंब्यांचा रस्सा चढवला होता. सकाळपासून कुणी सारण गुंडाळायच्या तांदळाच्या ओल्या पापड्या फाडल्या, कुणी लसूण जाळला. ती मनात चरफडत राहिली. तेवढ्यात एक पाहुणी आनंदाने म्हणाली, "ताई, हा रस्सा अगदीच मिळमिळीत होता. मी मासळीचा अर्क ओतून सुधारला!" थुअनने पातेलं चुलीवरून उतरवलं. "कुणी सांगितलं होतं?" "तुम्हीच! मघाशी म्हणालात, त्याशिवाय रश्शाला जीव नाही." मदतीला आलेली थुअनची धाकटी बहीण कुजबुजली, "असू दे गं! एरवी त्याच्याशिवाय आईला घास उतरायचा का?" थुअनने तो रस्सा पाहुण्यांना वाढला, पातेलं राखेने घासलं, हुंगलं, पुन्हा घासलं आणि नव्या अळंब्या भिजत घातल्या.