जमिनीतून आलेला हात

“मावशी, हात असा वर काढा की बघणाऱ्याची बोबडी वळली पाहिजे.” दिग्दर्शकाने बजावलेलं आठवत द्वारकामावशी खड्ड्यात, मातीने झाकलेल्या फळीखाली निजल्या होत्या. फळीच्या भोकातून फक्त काळी नखं चिकटवलेला हात बाहेर यायचा होता. मनात रामरक्षा चालू होती.

भुताच्या वेबसिरीजच्या नायिकेचं हे पहिलंच काम. तीनदा तिचं किंचाळणं खोटं वाटलं होतं. “आता चुकलीस तर उद्या दुसरी मुलगी,” असं तिला सगळ्यांदेखत सुनावलेलं मावशींनी ऐकलं होतं.

हात वर आला. मागे सरकताना पोरीचा पाय त्याला लागला, आणि किंचाळायचं सोडून तिने सवयीने वाकून भुताच्या हाताला नमस्कार केला. हाताने चाचपडत तिचं डोकं शोधलं. “सुखी राहा गं बाळ,” फळीखालून आवाज आला.

सगळे पोट धरधरून हसले. दिग्दर्शकाने मात्र कपाळाला हात लावला आणि मुलीला दुसऱ्या दिवशी सकाळी दहाच्या एसटीने घरी जायला सांगितलं. “तुला परत आणीन,” मावशी तिला म्हणाल्या.

सकाळपर्यंत कुणीतरी मोबाइलवर टिपलेलं ते दृश्य सगळीकडे फिरलं. ‘बारावीचा पेपर आहे, हे भूत आमच्याकडे पाठवा,’ असं लोक लिहीत होते. पोथी वाचताना मावशींना हसू आवरेना. तेवढ्यात दिग्दर्शकाचा फोन आला. “मावशी, तुमचा हात आता प्रत्येक भागात हवा.”

“ती मुलगी असेल तर हात येईल,” मावशी हळूच म्हणाल्या.

“बरं, आणा तिला.”

मावशींनी पोथी फडक्यात बांधली, चपला घातल्या आणि मुलीची दहाची एसटी सुटायच्या आत स्टँडकडे निघाल्या.