राहिलेला फर्मा

नारिनच्या वाटेवर बुरुलचाने तीनदा गाडी थांबवली आणि तिन्ही वेळा तेच पुस्तक उघडून पाहिलं. एकशे बाराव्या पानानंतर थेट एकशे एकोणतीस. बांधणीत सोळा पानांचा अख्खा फर्मा राहून गेला होता.

तीस वर्षं तिने बिश्केकमध्ये एकटीच्या हिमतीवर प्रकाशन चालवलं, आणि त्यातली पंचवीस असानकुल या एकाच लेखकाच्या जिवावर. दर उन्हाळ्यात तो गावी जायचा आणि भरलेली वही घेऊन परतायचा. वहीत एकही खाडाखोड नसायची. येईल-जाईल त्याला ती दाखवून बुरुलचा म्हणायची, "हा माणूस नव्हे!"

त्याची अट एकच. पहिल्या चाळीस प्रती गावाला. त्या पोचल्या होत्या. असानकुल पुरस्कार घ्यायला अल्माटीला गेला होता. तो परतायच्या आत प्रती दुरुस्त झाल्या नाहीत, तर तो दुसरं दार धरणार आणि हिच्या दाराला कुलूप लागणार. राहिलेले फर्मे आणि खळ तिने गाडीत घेतली होती.

गावात शाळेच्या उल्कानबाई भेटल्या. "गठ्ठा बांधलेलाच आहे. एक प्रत तेवढी सोडली, सायराकान एजेंसाठी. काल वाचून दाखवली."

एजे म्हणजे असानकुलची थोरली बहीण, जन्मापासून आंधळी.

"मध्ये काही खटकलं नाही?" बुरुलचाने भीतभीत विचारलं.

"तुटल्यासारखं वाटलं खरं. म्हटलं, मोठ्या लेखकांचं असायचंच! पण एजेंना एकदा ऐकलं की पाठ. ऐकाच तुम्ही."

एजेंनी चहा दिला, साय वाढली. मग हात मांडीवर ठेवून त्या पहिल्या ओळीपासून म्हणू लागल्या. खिंडीपलीकडे हरवलेली घोडी, तिला शोधत निघालेली विधवा. शब्दाला शब्द. बुरुलचाच्या अंगावर काटा आला. आयुष्यभर पुस्तकं छापली, पण असं पुस्तक तिने पाहिलं नव्हतं.

पान एकशे बारा आलं. आता अडखळणार, म्हणून तिने डोळे मिटले.

एजे अडखळल्या नाहीत. विधवा नदीत उतरली, बर्फ तडकला. ही तर राहिलेली पानं! बुरुलचाने पिशवीतून फर्मा काढला आणि बोट ठेवत ओळी ताडून पाहिल्या. सोळा पानांत एक शब्द चुकला नाही.

तिला वाटलं, असानकुलनेच आधी वाचून दाखवलं असणार. काय हे भावंडांचं प्रेम!

गोष्ट संपली. घोडी सापडलीच नाही. बुरुलचाच्या डोळ्यांत पाणी होतं, आणि ती लहान मुलीसारखी विचारून बसली, "एजे, पण त्या घोडीचं पुढं काय झालं गं?"

"ते अजून माझं मलाच ठरवायचंय," एजे म्हणाल्या. "असानकुल जूनमध्ये कोरी वही घेऊन येईल, तेव्हा सांगेन त्याला."